आमची काप्री

माणसाला साडू असावा की नसावा, हे आपल्या हातात नसतं. पण असलाच, तर त्याला परदेशवारीला पुरेल एवढी रजा साठवू देऊ नये, अशी एक नम्र दुरुस्ती मी आपल्या लग्नसंस्थेला सुचवू इच्छितो.

आमचे साडू गेल्या वर्षी इटलीला जाऊन आले. 'जाऊन आलो' हे सांगायला खरं म्हणजे दोन मिनिटं पुरतात. साडूंनी आजवर आमचे अकरा रविवार घेतले, आणि अजून ते घरी परतलेले नाहीत. त्या सगळ्या सहलीचा कळसाध्याय म्हणजे काप्री नावाचं बेट. नेपल्सच्या समोर समुद्रात आहे. होडीत बसायचं आणि त्या बेटाला दिवसभर वळसा घालत हिंडायचं. उभेच्या उभे कडे, खाली निळंशार पाणी, समुद्रातून वर आलेले तीन सुळके. त्यांतल्या मधल्याच्या पोटात आरपार भोक. त्या भोकातून होडी जाताना नवरा-बायकोनं एकमेकांचं चुंबन घ्यायचं, म्हणजे म्हणे भाग्य उजळतं. हे सांगताना साडू चहाच्या कपात बघतात आणि मेहुणी खिडकीबाहेर. घेतलं की नाही, हे अकरा रविवारांत आम्हांला कळलेलं नाही.

"आणि ती निळी गुहा!" साडू म्हणाले. "तिचं तोंड एवढं बुटकं, की लहान होडीत अक्षरशः उताणं पडून आत शिरावं लागतं. उजेड येतो तो पाण्याखालच्या भोकातून. त्यामुळे आतलं पाणी दिवा लावल्यासारखं पेटतं."

"उताणं पडायला एवढे पैसे?" अप्पांनी विचारलं. "आमच्या ओसरीवर फुकट पडता येतं."

अप्पा म्हणजे माझे वडील. वय पंचाहत्तर. आम्ही पौडला राहतो, मुळशी तालुक्याच्या गावी. मी बँकेत क्लार्क. शिक्षण बी. कॉम. त्यामुळे काप्रीला जाऊन येण्याचा खर्च किती, हे मला साडूंनी न सांगताही तोंडी काढता आलं. तो आकडा मी गिळून टाकला. पण आमच्या सौभाग्यवती त्यानंतर गप्प झाल्या. बायकोच्या गप्प बसण्याचे प्रकार मी वीस वर्षांच्या सेवेत ओळखायला शिकलो आहे. हा जो प्रकार होता, त्याला आमच्याकडे 'कॅश टॅली होत नाही' असं म्हणतात. त्यात फरक कुठं पडला हे सापडेपर्यंत कुणालाही घरी जाता येत नाही. आणि मी तर घरीच होतो.

तेवढ्यात अप्पा म्हणाले, "होडीतच बसायचंय ना? मग आपल्या धरणात बसू. दिवसभर बसू. आणि जाता जाता आपलं गाव बघून येऊ."

"तुमचं गाव?" साडूंनी विचारलं. "ते कुठंसं आलं?"

"तळाशी," अप्पा म्हणाले.

आता इथं साडूंना जे सांगावं लागलं ते तुम्हांलाही सांगायला हवं. पश्चिमेला ताम्हिणीकडे जाताना तुम्ही जिथं गाडी थांबवून भजी खाता आणि "काय सुंदर तळं आहे!" असं म्हणता, ते तळं नाही. ते आमचं खोरं आहे. मुंबईच्या गिरण्यांना आणि रेल्वेला वीज हवी होती, म्हणून मुळा नदीला इथं बांध घालायचं ठरलं. आंबेमोहराची खाचरं, देवळं, घरं सगळं पाण्याखाली जाणार होतं. मावळ्यांनी विरोध केला. 16 एप्रिल 1921 ला, रामनवमीच्या दिवशी, माणसं धरणाच्या कामावर जाऊन बसली. 'जान किंवा जमीन' ही त्यांची घोषणा. एडिंबरोला इंजिनिअरिंग शिकायला गेलेले पांडुरंग महादेव बापट या लढ्यातच 'सेनापती' झाले. 1924 साली त्यांनी धरणाच्या कामाची रेल्वे अडवली आणि त्याबद्दल सात वर्षांची शिक्षा घेतली. जगात धरणाविरुद्ध झालेल्या अगदी पहिल्या लढ्यांत याचं नाव घेतात. लढा इतिहासात गेला आणि खोरं पाण्यात. 1927 पासून हे पाणी डोंगर पोखरून पलीकडे कोकणात भिऱ्याला उतरतं, तिथं वीज करतं आणि मग कुंडलिका नदीला लागतं. त्याच पाण्यात हल्ली कोलाडला मंडळी रबरी होड्यांत बसून किंचाळतात. किंचाळण्याचे पैसे देतात. आमचे पूर्वज फुकट किंचाळले.

आमचे आजोबा त्या वेळी लहान होते. गाडीत सामान आणि सामानावर आजोबा, असे ते गाव सोडून निघाले. पुढं सगळा जन्म त्यांनी दुसऱ्याच्या गावात काढला, पण गावाचा नकाशा तोंडपाठ ठेवला. तो त्यांनी अप्पांना दिला. दुसरं काही द्यायला नव्हतंच. 'दारापुढं पाच पायऱ्या. खालच्या पायरीवरून कैलासगडाकडं तोंड करून चाळीस पावलं चाललं की विहीर. विहिरीवर उंबर.' हे मी लहानपणी पाढ्यांच्या आधी शिकलो. पुढं बँकेत लागल्यावर मात्र माझा त्यावरचा विश्वास उडाला. बँकेत कागद लागतो. माणूस समोर जिवंत उभा असला तरी तो असल्याचा कागद लागतो. अप्पा कुठल्याही फॉर्मवर 'कायमचा पत्ता' या रकान्यात त्या बुडालेल्या गावाचं नाव लिहीत आणि मी ते खोडून पौडचा घर नंबर घालत असे.

"अप्पा, कायमचा म्हणजे जिथं पत्र पोचतं तो."

"कायमचा म्हणजे जो बदलत नाही तो," अप्पा म्हणत. "पाण्याखालचं काय बदलणार आहे?"

तर, मे महिन्यातला एक रविवार ठरला. मे अशासाठी, की त्या वेळी धरणाचं पाणी खाली जातं आणि काठाचा बराच भाग उघडा पडतो. साडू आणि मेहुणी आदल्या रात्रीच पौडला मुक्कामाला आले. साडूंच्या डोक्याला काप्रीची हॅट होती. सौ.नं धपाटे, दही, शेंगदाण्याची चटणी, कांदे, उकडलेले बटाटे आणि 'लागली तर असू देत' या सदराखाली आणखी अकरा पदार्थ घेतले. आई आली नाही. "बुडालेलं गाव बघायला आपण बुडायची काय गरज?" असं म्हणून तिनं घर राखलं. अप्पांनी धुतलेलं धोतर, नवी टोपी आणि पिशवीत एक नारळ. आणि आमची धाकटी, वय वर्षं सात, पुढचे दोन दात पडलेली, तिला कुणी विचारलंच नव्हतं. ती होडीत सगळ्यांत आधी जाऊन बसली.

होडी आमच्या एका खातेदारांच्या ओळखीतली. होडीवाले मामा साठीचे, काळेसावळे, आणि शब्दांच्या बाबतीत आमच्या हेडकॅशियरपेक्षाही कडक. काप्रीची होडी कशी पांढरीशुभ्र, तिला गाद्या कशा, हे साडूंनी त्यांना काठावरच सांगितलं. मामांनी शांतपणे फळीवर एक पोतं अंथरलं आणि म्हणाले, "बसा." सौ.नं बुडू न देणाऱ्या जाकिटांची चौकशी केली. ती निघाली. साडूंना त्यातलं जे मिळालं त्याचा बंद तुटलेला होता. तो त्यांनी नाडीनं बांधला. नाडी कुठली, हे मी विचारलं नाही.

"भिताडाकडं जायाचं न्हाई," मामांनी धरणाच्या भिंतीकडे हात केला. "त्या अंगाला बंदी हाय. आपुन वरल्या अंगाला जाऊ. आन् कुनी हुबं ऱ्हायाचं न्हाई."

इंजिन सुरू झालं आणि साडू उभे राहिले.

सकाळी धरणाचं पाणी इस्त्री केल्यासारखं असतं. काठाकाठानं आम्ही पश्चिमेकडे निघालो. काठ कसला, पाणी उतरल्यामुळे उघडा पडलेला काळा कातळ, त्यावर वर्षानुवर्षांच्या पाण्याच्या रेघा. बादलीला असतात तशा. त्याच्या वर करवंदीच्या जाळ्या आणि त्याच्याही वर डोंगर. खरं सांगायचं तर फार देखणं होतं. पण ते नुसतं बघायची सोय नव्हती. कारण होडीत दोन वाटाडे होते. डाव्या बाजूला साडू, उजव्या बाजूला अप्पा. एकाला जे दिसत होतं ते इथून हजारो किलोमीटर लांब होतं, आणि दुसऱ्याला जे दिसत होतं ते पन्नास-साठ फूट खाली.

"हा कडा बघा," साडू म्हणत, "अगदी काप्रीच! फक्त तिथं वर सम्राट टायबेरियसचा महाल आहे."

"इथं खाली गावठाण होतं," अप्पा म्हणत. "या अंगाला बाजाराची वाट. आता आपण वाटेवरून चाललोय."

धाकटी लगेच वाकून वाट बघायला लागली. तिच्या आईनं तिचं परकर-पोलकं मागून धरलं. मेहुणीनं तेवढ्यात उलटी होऊ नये म्हणून गोळी घेतली, आणि गोळी घेतल्यावर उलटी केली.

अकराच्या सुमारास कातळाचा एक सुळका पाण्यातून वर आलेला दिसला. त्याच्या आणि काठाच्या मधून जेमतेम होडी जाईल एवढी जागा होती. साडूंनी एकदम "हेच ते! हेच ते!" असा गजर केला. होडी फटीत शिरली. सगळे गप्प. साडू आकाशाकडे बघायला लागले, मेहुणी पिशवीत काहीतरी शोधू लागली. मी सौ.कडे बघितलं. सौ.नं माझ्याकडे बघितलं आणि ठामपणे माझ्या हातात एक धपाटा ठेवला. भाग्य उजळायचे प्रकार देशोदेशी वेगळे असतात.

बारा वाजता इंजिन बंद पडलं. मामांनी त्याच्याकडे बराच वेळ बघितलं, मग त्याच्या कानाखाली एक दिली. उपयोग झाला नाही. मामा वल्ह्यावर बसले. "रुसलंय," एवढंच म्हणाले. साडूंनी काप्रीला असं कधी होत नाही म्हणून सांगितलं. मामांनी दुसरं वल्हं त्यांच्या हातात दिलं. त्यानंतर पाऊण तास काप्रीचा विषय निघाला नाही. मला वाटतं, अकरा रविवारांत कुणाच्या लक्षात न आलेला हा उपाय मामांना पहिल्याच दिवशी सुचला.

वल्ह्यांवर चाललो तेव्हा आवाज थांबला, आणि मग अप्पाही थांबले. सकाळपासून ते प्रत्येक ठिकाणी "हेच" म्हणत होते. मग जरा पुढं गेल्यावर "नव्हे, हे नव्हे." चार वेळा गाव सापडलं होतं आणि चार वेळा हरवलं होतं. आता ते नुसते काठाकडं बघत होते. पिशवीतला नारळ त्यांनी मांडीवर घेतला होता. मला पहिल्यांदाच वाटलं, की माणसानं पंचाहत्तर वर्षं सांभाळलेली ठेव आज काउंटरवर आणली आहे, आणि ती खोटी निघाली तर? मी इतकी वर्षं कागद मागत आलो. ते कागद नसल्याचं सिद्ध होण्याचा दिवस आला तेव्हा मला तो नको होता.

"मामा," अप्पा हळूच म्हणाले, "इथं कुठं पायऱ्या निघतात का हो उन्हाळ्यात? पाच पायऱ्या?"

"पायऱ्या?" मामा वल्हं थांबवून म्हणाले. "पायऱ्या लई हायेत. समदी गावंच हायेत की खाली. चला, दावतो."

काठाच्या एका खोबणीत होडी लागली. चिखल वाळून त्याच्या टवक्या झाल्या होत्या. त्या टवक्यांतून काळ्या दगडांच्या ओळी वर आल्या होत्या. जोती होती ती. एक, दोन, कितीतरी. छप्पर नाही, भिंती नाहीत, नुसत्या घरांच्या तळरेघा. एका जोत्यापुढं पायऱ्या होत्या. तीन वर होत्या. मामांनी आणि मी हातानं चिखल उकरला तेव्हा खाली आणखी दोन लागल्या.

अप्पांनी चपला काढल्या. खालच्या पायरीवर उभे राहिले. लांब उत्तरेला कैलासगड दिसत होता, तिकडं तोंड केलं आणि चालायला लागले. मोठ्यानं मोजत. तीसपर्यंत सगळं नीट होतं. पस्तिसाव्या पावलाला पाण्यात गेले. चाळिसाव्याला गुडघाभर पाण्यात उभे होते. विहीर नव्हती. दगड नव्हता. काहीच नव्हतं.

"पायऱ्या दुसऱ्याच कुणाच्या असतील," साडू म्हणाले. पण हळू म्हणाले. आणि त्यांनी हॅट काढली होती.

अप्पा परत आले. धोतर पिळत म्हणाले, "असेल. वडील माझे लहान होते तेव्हा. लहान पोराचं काय खरं धरायचं?"

हे ते हसून म्हणाले, म्हणून मला जास्त लागलं. कारण हेच वाक्य, अगदी याच शब्दांत, मी त्यांना वीस वर्षं ऐकवत आलो होतो.

तेवढ्यात धाकटी माझ्यासमोर येऊन उभी राहिली. "बाबा, पणजोबांचं घर हेच का? मग त्यांचा दात कुठंय?" आणि हसली. पुढच्या दोन दातांची जागा मोकळी.

दात! आजोबांची ती गोष्ट मीच तिला सांगितली होती. 'मी गाव सोडलं तेव्हा माझा पुढचा दात नुकताच पडलेला. तो कौलावर टाकला, नवा यायच्या आधी आम्ही निघालो. जुना दात त्या घरी आणि नवा या घरी.' आजोबा ही गोष्ट कितीदा सांगायचे! आणि मी आयुष्यभर नोटा मोजणारा माणूस, मला एक साधा हिशेब सुचला नव्हता. पुढचा दात केव्हा पडतो? सहाव्या-सातव्या वर्षी. मग ती चाळीस पावलं कुणाची?

"इकडं ये," मी म्हटलं. "या पायरीवर उभी राहा. तो डोंगर दिसतो ना? तिकडं तोंड करून चाळीस पावलं चाल. पळायचं नाही. घागर घेऊन आईच्या मागं चालतेस, अशी चाल."

ती चालली. आम्ही सगळे मोजत होतो. साडू, मेहुणी, सौ., मामासुद्धा. वीस. तीस. पाण्याच्या बऱ्याच अलीकडं ती चाळीस म्हणून थांबली आणि खाली बघून म्हणाली, "इथं तर नुसता चिखल आहे."

मामांनी वल्हं उलटं करून तिथं चिखल खरवडला. एक घडीव दगड. त्याला लागून दुसरा, जरा वळून. मग तिसरा. गोल वळत जाणारी दगडांची कड, आत गाळ भरलेला. उंबराचं नाव नव्हतं, पण विहीर होती. दोन पावलं इकडं होती म्हणा. तेवढा फरक आम्ही बँकेतही सहीला चालवून घेतो.

अप्पा काही बोलले नाहीत. विहिरीच्या कडेला बसले आणि नारळ फोडला. पाणी गाळावर ओतलं. धाकटीला खोबऱ्याचा तुकडा दिला. मग माझ्याकडे बघून एवढंच म्हणाले, "जुळली का सही?"

"जुळली," मी म्हटलं. मला आणखीही काही म्हणायचं होतं, पण आवाज इंजिनासारखा रुसला होता.

त्यानंतर आम्ही आमच्या ओसरीवर जेवलो. म्हणजे जोत्यावर. ओसरी कुठं असेल ते अप्पांनी ठरवलं आणि त्याप्रमाणं पंगत बसवली. मामांनाही वाढलं. सौ.चे 'लागले तर' म्हणून घेतलेले अकराच्या अकरा पदार्थ लागले. दुपारनंतर कोकणाकडून वारा सुटला, धरणात लाटा उठल्या, होडी नाचायला लागली. इंजिन आपोआप सुरू झालं. मेहुणीनं उरलेली गोळी घेतली आणि आम्ही वाऱ्याच्या पुढं संध्याकाळी काठाला लागलो. चाळीस रुपयांची चिल्लर सोडली तर माझ्या खिशात काही उरलं नव्हतं, आणि सौ.ची कॅश टॅली झाली होती.

बाराव्या रविवारी साडू आले. आम्ही मन घट्ट करून बसलो. पण त्यांनी काप्री काढलीच नाही. बरोबर आणलेल्या पाहुण्यांना ते मुळशीची विहीर कशी सापडली हे सांगत होते. त्यांच्या हकिगतीत चिखल त्यांनी उकरला होता आणि पावलांचा हिशेबही त्यांनाच सुचला होता. अप्पा शेजारी बसून माना डोलावत होते. मी काही बोललो नाही. नकाशा जेवढ्या तोंडी राहील तेवढा बरा.

जूनमध्ये शाळा उघडली. धाकटीला 'माझे गाव' असा निबंध लिहायला सांगितला होता. तिनं लिहिलं : 'माझे गाव पाण्यात आहे. उन्हाळ्यात ते वर येते. तिथे माझ्या पणजोबांचा दात आहे.' बाईंनी खाली लाल शाईनं शेरा मारला होता : 'पत्ता पूर्ण लिहावा.'

वही घेऊन ती माझ्याकडे आली. बाहेर पाऊस लागला होता. पायऱ्या एव्हाना पुन्हा पाण्याखाली जायला लागल्या असतील. मी तिला पौडचा घर नंबर सांगणार होतो. जन्मभराची सवय. पण पेन हातात घेतलं आणि म्हटलं, लिही : 'पाच पायऱ्या. खालच्या पायरीवरून कैलासगडाकडे तोंड करून चाळीस पावले.'

"कुणाची पावलं, तेही लिही," ओसरीवरून अप्पा म्हणाले.